घड्याळावर ओतलेलं विरजण

बाळांनो, परवा फोनवर तुम्ही विचारलंत, "आजी, तू खरंच दुसऱ्या ग्रहावरचा पदार्थ बनवला होतास?" म्हणजे तुमच्या बाबांनी गोष्ट सांगितलेली दिसते. ते ती नेहमी स्टेजवरच्या हशापाशी संपवतात. पुढचं मलाच सांगायला हवं.

नव्वदच्या दशकात मी शिरूरच्या एका शाळेत इंग्रजी शिकवत होते. कॉलेज पुण्यात झालेलं, वाचन इंग्रजी, त्यामुळे तालुक्यात विज्ञान आणण्याची जबाबदारी आपलीच, असा माझा समज होता. स्नेहसंमेलनासाठी मी एक नाटुकलं लिहिलं. दूरच्या ग्रहावरून एक हिरवा, बुळबुळीत, जिवंत पदार्थ पृथ्वीवर येतो. तो ज्याला लागेल त्याचा काळ मंदावतो. फुलं कोमेजत नाहीत, माणसं म्हातारी होत नाहीत, आणि शेवटी एक शास्त्रज्ञ तो पदार्थ घड्याळावर ओतून साऱ्या जगाचा काळ थांबवतो. शास्त्रज्ञ म्हणजे तुमचे बाबा, तेव्हा सहावीत होते.

लिहून झाल्यावर मी ते सासूबाईंना, म्हणजे तुमच्या पणजीला, वाचून दाखवलं. त्या लसूण सोलत होत्या. सगळं ऐकून म्हणाल्या, "काळ थांबला म्हंजी तव्यावरची भाकरी करपंल का न्हाई?"

सासूबाईंना मी आत्याबाई म्हणायचे. "आत्याबाई, ते प्रतीकात्मक आहे," असं म्हणून मी उठले.

पदार्थ मी घरीच केला. आरारूटची खळ, भिजवलेला सब्जा आणि खायचा हिरवा रंग. तो एका पांढऱ्या प्लास्टिकच्या डब्यात भरला. आमच्या फ्रीजमधले सगळे डबे पांढरे, एका मापाचे, आणि प्रत्येकावर माझ्या अक्षरातली इंग्रजी चिठ्ठी. ही शिस्त मी लावली होती आणि आल्यागेल्याला फ्रीज उघडून दाखवतही असे. हा डबा वरच्या कप्प्यात ठेवला. खालच्या कप्प्यात, तशाच डब्यात, आत्याबाईंचं विरजण होतं.

ते विरजण त्यांनी लग्न होऊन येताना खुटबावहून आणलं होतं, आईच्या हातचं. रोज जुन्या दह्यातलं चमचाभर नव्या दुधात, असं ते इतकी वर्षं चाललं होतं. आई गेली, माहेरची माणसं दुकानातलं दही आणू लागली, आणि आईचं म्हणून त्यांच्याजवळ एवढंच उरलं. बाळंतपण असो की सुतक, त्यांनी ते एक दिवस मोडू दिलं नव्हतं.

संमेलनाच्या दिवशी मी वरच्या कप्प्यातला डबा उचलून पिशवीत टाकला. चिठ्ठी वाचली नाही. स्वतःच्या व्यवस्थेवर एवढा विश्वास असला की वाचायची गरज वाटत नाही. "असलं कायबाय दह्याच्या डोक्यावर नगं," म्हणून आत्याबाईंनी आदल्या दिवशी डब्यांची अदलाबदल केली होती, हे मला कुठून ठाऊक असणार?

स्टेजवर तुमचे बाबा डबा उंच धरून ओरडले, "हा पाहा परग्रहावरचा हिरवा जीव!" आणि त्यांनी घड्याळावर दही ओतलं. मागून कुणीतरी हाक दिली, "वाईच साखर घाला!" त्या दिवशी सगळ्यात जास्त टाळ्या आमच्याच नाटकाला पडल्या. मी विंगेतून पुढे येईपर्यंत शिपाईमामांनी बादलीभर पाणी मारून स्टेज धुऊन काढलं होतं. घड्याळ चालूच होतं.

घरी पोचले तेव्हा दिवेलागण झाली होती. आत्याबाई ओट्यापाशी उभ्या होत्या. समोर कोमट दुधाचं पातेलं आणि माझ्या हिरव्या पदार्थाचा उघडा डबा.

"माझं कुठंय?"

मी सांगितलं. त्या ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या झाकण हातात धरून खाली बसल्या. "आता आईचं काय बी न्हाई ऱ्हायलं."

मी ताबडतोब तोडगा काढला. शेजारच्या भाभी लग्न होऊन आल्या, तेव्हा त्यांनी विरजण आत्याबाईंकडूनच नेलं होतं. रमजानात पहाटेच्या सहेरीला दही लागतं म्हणून त्यांनीही ते नेमानं जपलं होतं. "भाभींकडचं तुमचंच आहे. मी घेऊन येते."

"बस खाली. दिवेलागणीला विरजण घराभाईर जात न्हाई. बरकत जाती. मी जन्मात अशा येळेला कुनाला दिलं न्हाई, मग तिच्याकडं कशी मागू?"

"मग सकाळी आणू."

"आन् आजची रात? एक रात मोडली म्हंजी मोडलंच की."

यावर मी अंधश्रद्धेवर बोलायला सुरुवात केली. दुसऱ्याच वाक्याला आत्याबाईंनी हात वर केला आणि मी, वर्गातल्या पोरीसारखी, खाली बसले.

आमची आणि भाभींची स्वयंपाकघराची भिंत एकच. पलीकडे सगळं ऐकू गेलं असणार, कारण थोड्याच वेळात भाभी पदराखाली वाटी झाकून मागच्या दारानं आल्या.

"आजी, घ्या."

"आत्ता न्हाई घेत, पोरी. तुझ्या घरची बरकत जाईल."

"माझ्या घरचं हाय कुठं? तुमचंच ठेवायला दिलं व्हतं मला. ते परत आणलंय. ज्याचं त्याला द्यायला कसली येळ बघायची?"

आत्याबाईंनी वाटीत डोकावून पाहिलं. "ठेवायला दिलं व्हतं म्हनतीस?"

"व्हय तर! आन् तुमच्या सूनबाईंनी घड्याळाला दही चारलं म्हणं. माझी पोरगी बघून आली, अजून पोट धरून हसतीय."

आत्याबाईंना हसू फुटलं. त्यांनी वाटी घेतली, करंगळीनं दूध पाहिलं आणि विरजण घालून पातेल्यावर ताटली ठेवली.

सकाळी मी उठायच्या आत त्या ओट्यापाशी होत्या. दही घट्ट लागलं होतं. बोटाच्या टोकावर घेऊन त्यांनी चाखलं, डोळे मिटून. "आईचंच हाय," म्हणाल्या. मग माझ्याकडे वळल्या.

"त्या तुझ्या हिरव्याचं काय करायचं म्हनालीस?"

"काळ थांबवायचा."

"मग ते टाक वतून, आन् डबा घासून आन. दही काढायचंय."

मी डबा घासून आणला. त्यावर पुन्हा चिठ्ठी लावली नाही.