दुसरी डिस्क जोडली तेव्हा

“टिकटिक करतेय ना, म्हणजे गेलीच ती, काका.”

हे मी चहाचा ट्रे घेऊन बेसमेंटचा जिना उतरताना ऐकलं. काका-काकूंच्या घरात वरची खोली मी भाड्याने घेतली आहे. काका निवृत्त डॉक्टर. मराठी मंडळाची नाटकं त्यांनी वर्षानुवर्षं हौसेने शूट केली आणि आता सगळ्या टेपा दोन पोर्टेबल डिस्कवर उतरवल्या. टीव्हीमागे पत्त्यांच्या कॅटाएवढा छोटा कम्प्युटर बसवून ती नाटकं सोफ्यावरून बघायची, एवढीच त्यांची इच्छा. पहिली डिस्क मजेत चालत होती. त्या दुपारी दुसरी जोडली आणि टीव्हीच्या पडद्यावरून दोन्ही गायब झाल्या.

मदतीला शेजारचे दोघे दादा आले होते. अमेरिकेतल्या आमच्या या अ‍ॅशबर्नमध्ये अशी माणसं शोधावी लागत नाहीत, बहुतेक घरांत कुणी ना कुणी डेटा सेंटरवालं असतंच.

“दिवसभर जगाचा डेटा सांभाळता, आणि आमची एवढीशी डबी चालेना?” काकूंनी विचारलं.

“काकू, आमच्याकडे पॉवरची टीम वेगळी, डिस्कची वेगळी. मी तर फक्त मीटिंग घेतो,” एक दादा म्हणाला.

“मग घे मीटिंग! पण माझी नाटकं परत आण.”

निम्म्या नाटकांत काकूच नायिका होत्या. काका गालिच्याकडे बघत राहिले. का, ते मला माहीत होतं. गराज साफ करताना त्यांनी मूळ टेपा टाकून दिल्या होत्या आणि पिशव्या उचलायला मीच होते. काकूंना त्यांनी अजून सांगितलं नव्हतं.

डिस्क का टिकटिकते, हेही मला माहीत होतं. माझ्या टेबलावर तसाच छोटा कम्प्युटर आहे. तो एका डिस्कला पुरेसा करंट देतो, दोन लावल्या की दोघीही अर्धवट फिरून बंद पडतात. म्हणून माझ्या डिस्क हबवर, म्हणजे भिंतीतून स्वतःची वीज घेणाऱ्या जोडपट्टीवर, लावलेल्या आहेत. पण चार माणसांत बोलायचं म्हणजे मी वाक्य आधी मनात इंग्रजीत जुळवते, मग मराठीत आणते, मग ते उद्धट वाटत नाही ना ते तपासते. तोवर विषय बदललेला असतो. मी ट्रे ठेवला आणि हब आणायला वर गेले. वस्तूच हातात दिली की बोलावं लागणार नाही, असा माझा हिशेब.

खाली आले तर एका दादाने ती डिस्क ऑफिसच्या लॅपटॉपला लावली होती. काकांनी ती त्या छोट्या कम्प्युटरच्या पद्धतीने तयार केलेली, त्यामुळे लॅपटॉपला काही वाचता येईना. लॅपटॉप स्क्रीनवर विचारत होता, फॉरमॅट करू का?

“करप्ट दिसतेय. मारू का फॉरमॅट? फ्रेश होईल एकदम.”

“तुम्हाला जास्त कळतं,” काका पडलेल्या आवाजात म्हणाले.

दादाचं बोट एंटरकडे गेलं. वाक्य जुळवायला वेळच नव्हता.

“दाबू नका! सगळं पुसलं जाईल! दादा, तुमच्या लॅपटॉपला ती वाचता येत नाहीये, बाकी काही नाही. काका, दोन्ही डिस्क माझ्या या हबला लावा, हबचा प्लग भिंतीत लावा, आणि मग बघू कोण गेलंय ते!”