काउंटेसची परवानगी

त्या रविवारी सकाळी ट्रॉयहून अण्णांचा, म्हणजे सुमनताईंच्या मिस्टरांचा, फोन आला. "कुंदा, सुमन गेली," एवढंच म्हणाले. मी "बरं" म्हटलं. आता आठवलं की लाज वाटते, पण दुसरं काही सुचलंच नाही. मग दोघंही फोन धरून बसलो. बिल चढत होतं, पण ठेवायचा कुणी?

त्याला आता दीड महिना झाला. रडून झालं. वेस्ट विंडसरच्या या घरात सुमनताई दोनदाच आल्या होत्या, त्यामुळे इथं त्यांची आठवण यायचं तसं कारण नाही, तरी येते. आणि खरं सांगू का, आठवताना हसूच जास्त येतं. फार समाधानानं जगली ती बाई.

ऐंशीच्या सुमारास आम्ही ट्रॉयला राहायला गेलो तेव्हा त्या शेजारी होत्या. आम्हा दोघींची मिस्टर मंडळी एकाच मोटार कंपनीत. ताई माझ्यापेक्षा बारा-तेरा वर्षांनी मोठ्या, मूळच्या मिरजेच्या. त्यांनी घर घेतलं तेव्हा आधीच्या मालकांनी बेसमेंटमध्ये एक जुना पियानो तसाच टाकून दिलेला, कारण तो जिना चढवणं कुणाच्या बापाला जमलं नसतं. अण्णांना तिथं टेबल टेनिसचं टेबल हवं होतं. ताईंनी पियानो पुसला, दसऱ्याला त्याला हळदकुंकू वाहिलं, आणि टेबलाचा विषय संपला. वय पन्नाशीकडे झुकलेलं, पण त्या शिकायला लागल्या. पेटी त्यांना उत्तम यायची, तीच तर पंचाईत. जन्मभर डाव्या हातानं भाता मारलेला. पियानोवर उजवा हात भराभर पळायचा आणि डावा हवेत काहीतरी चाचपत राहायचा. "अगं, याला सवयच नाही सुरांची," त्या म्हणायच्या, "हा आपला हमाल."

त्या हमालाला शिकवायचं काम मिसेस कोवाल्स्कींनी अंगावर घेतलं. या बाई आमच्याच रस्त्यावर राहायच्या, पोलिश घरातल्या, विधवा, बोलायला तुटक आणि शिकवायला कडक. पाच-सहा वर्षं त्यांनी ताईंना घासून घेतलं. मग एक दिवस समोर एका जुन्या जर्मन संगीतकाराचा सोनाटा ठेवला. सोनाटा म्हणजे दोन-तीन भागांची मोठी रचना. हा दोनच भागांचा. मिसेस कोवाल्स्कींनी बजावलं, याला विद्यार्थी घाबरतात, सगळा खेळ काळ्या पट्ट्यांचा आहे. ताईंनी दोन ओळी वाजवून पाहिल्या आणि मान डोलावली. "घाबरायचं काय त्यात? काळी तीनचा सा आहे." पेटीवर काळी तीन ही त्यांची गायची पट्टी, तिथं त्या डोळे मिटून फिरायच्या. सुरुवातीला अगदी इवलासा आलाप आहे आणि मग चाल धरते, म्हणून तर त्या खूशच झाल्या. वर्षभर त्यांच्या बेसमेंटच्या खिडकीतून तेच ऐकू यायचं. माझी मुलं ते शिट्टीवर वाजवायला लागली.

आणि एवढं सगळं बसल्यावर ताईंनी नकार दिला. वसंतात मिसेस कोवाल्स्कींच्या विद्यार्थ्यांचा कार्यक्रम असायचा, चर्चच्या हॉलमध्ये. त्यात वाजवायचं ठरलं, आणि ताई म्हणाल्या, "घरी वाजवीन. लोकांत नाही. ही चीज माझी नाही."

झालं काय होतं, तर कागदावर सोनाट्याच्या वर एक ओळ छापलेली होती. अमुक काउंटेसला, म्हणजे कुणा सरदार घराण्यातल्या बाईला, अर्पण. अर्पण म्हणजे आपल्या पुस्तकात आईवडिलांना करतात तसं, असं मी समजावलं. अण्णांनी समजावलं. मिसेस कोवाल्स्की तर हात वर करून म्हणाल्या, "सुमन, ती बाई जाऊन शंभर वर्षं झाली." पण ताई मिरजेच्या गाणाऱ्या घरातल्या. तिथं एखादी चीज गुरूनं ज्याला दिली त्याची. दुसऱ्यानं ती बैठकीत गायची तर त्याला विचारायचं. त्यांच्या वडिलांकडे अशी एक खास चीज होती. ती त्यांनी ताईंच्या भावाला दिली, एका शागीर्दाला दिली. ताई रोज पेटीवर साथ करायच्या, त्यांना ती त्या दोघांपेक्षा जास्त पाठ. एकदा मागितली तर वडील म्हणाले, "तू साथ कर. ही तुझी नव्हे." हे त्यांनी मला भाजी निवडता निवडता सांगितलं, अगदी सहज. मग म्हणाल्या, "इथं बघ, एवढ्या मोठ्या माणसानं आपली चीज एका बाईला दिली. वर तिचं नाव छापलं. आणि मी ती न विचारता उचलू? ... वाजवायची तर फार आहे गं कुंदा. एकदा तरी लोकांसमोर."

मी चिडले, एवढं आठवतं. मेलेल्या बाईला विचारायचं कसं, हे कुणी सांगेना.

मग ताईच लायब्ररीत गेल्या आणि काउंटेसची माहिती काढून आल्या. ती त्या संगीतकाराची शिष्या होती. लग्न केलं नाही. पुढे लहान मुलांसाठी शाळा काढल्या. "मास्तरीण होती," ताई म्हणाल्या, जणू मिरजेतली कुणी ओळखीची निघाली. दुसऱ्या दिवशी मला घेऊन मिसेस कोवाल्स्कींकडे गेल्या. पिशवीत हिरवा खण, नारळ, तांदूळ, हळदकुंकू. वडिलांकडे परवानगी मागायला येणारे नारळ घेऊन यायचे. इथं देणारी बाई, म्हणजे ओटीच भरायला हवी, असा हिशेब. काउंटेसच्या वतीनं ओटी तिच्या विद्येतल्या बाईनं, म्हणजे मिसेस कोवाल्स्कींनी, घ्यायची. मी दारातच त्यांना कोपरानं ढोसलं. "ताई, अहो, त्यांचे मिस्टर गेलेत."

"मग?" ताई म्हणाल्या. "काउंटेस तर लग्नच न केलेली. दोघींची ओटी कुणी भरायची नाही, असं कुठं असतं का?"

मी पिशवी उघडून धरली. मिसेस कोवाल्स्कींना नीट काही कळलं नसेल, पण त्या उभ्या राहिल्या, स्वेटरचा घेर दोन्ही हातांनी पुढे धरला. तांदूळ गालिच्यावर सांडले. कपाळाला कुंकू लावल्यावर त्या आरशात बराच वेळ बघत होत्या. ताईंनी वाकून नमस्कार केला तेव्हा त्यांनी डोक्यावर हात ठेवला. ते कुणी शिकवलं नव्हतं.

कार्यक्रमात आठ-नऊ वर्षांच्या पोरांच्या मधे नऊवारी नेसून ताई बसल्या. पहिला भागच वाजवला. मधे एकदा चुकल्या, हसल्या, पुढे गेल्या. हमालानं साथ सोडली नाही. अण्णा पहिल्या रांगेत होते आणि टाळ्या वाजवायचं विसरले होते. घरी येताना गाडीत ताई एवढंच म्हणाल्या, "झालं बाई." इतकं तृप्त माणूस मी नंतर पाहिलं नाही.

परवा अण्णांना भेटायला ट्रॉयला गेले, तेव्हा मिसेस कोवाल्स्कींकडेही गेले. शिकवणी चालू होती. पियानोपुढे कारखान्यातून रिटायर झालेले एक अवाढव्य गृहस्थ बसले होते, बोटं केळ्यांएवढी. समोर तोच सोनाटा. बाईंनी मला खूण करून बसवलं आणि त्यांना म्हणाल्या, "आधी विचारा."

त्या गृहस्थांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. इथली ही रीतच असावी, असा त्यांचा चेहरा. रिकाम्या खुर्चीकडे बघून हळूच म्हणाले, "मिसेस सुमन, मे आय?"

आणि थांबले. मिसेस कोवाल्स्की माझ्याकडे बघायला लागल्या. माझ्या लक्षात यायला जरा वेळ लागला, की कुणीतरी हो म्हटल्याशिवाय ते सुरू करणार नव्हते.

"वाजवा," मी मराठीतच म्हटलं. त्यांना कळलं.