बुधाजीचा तिसरा अंक

डिलाईल रोडवरच्या आमच्या चाळीत बुधाजी परबाला सगळे ‘इटालियन’ म्हणत. हा गृहस्थ गिरणीत साचे, म्हणजे कापडाचे माग, चालवायचा, गणपतीत नाटक बसवायचा आणि जग म्हणाल तर मुंबई आणि कणकवली एवढंच त्याने पाहिलेलं. पण कुणीतरी परदेशी सिनेमांच्या महोत्सवाचा पास दिला, त्याने एक इटालियन सिनेमा बघितला आणि तो बिघडला तो बिघडलाच.

त्या सिनेमाचा दिग्दर्शक जिनो. खोताच्या वाडीतल्या मित्राकडून इंग्रजी मासिकं वाचून घेऊन बुधाजीने त्याचं सगळं चरित्र गोळा केलं. "आमच्या जिनोचा बाप बोटीवर खलाशी. लढाईत स्टुडिओ पडला, तर पठ्ठ्याने रस्त्यावर कॅमेरा लावला. नट परवडेनात, तर खरा पाववाला, खरी धोबीण उभी केली. आज मोठमोठे नट पाया पडतात, तरी म्हणतो, नको रे बाबा!" ऐकणाऱ्याला वाटावं, जिनो वरच्या माळ्यावर राहतो.

छप्पन्नच्या जानेवारीत रघु गेला. बुधाजीच्या शेजारच्या साच्यावरचा, त्याचा जिवाभावाचा दोस्त. दोघं गंगुबाईच्या खानावळीत एका पंगतीला जेवायचे. रघु संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्चाला गेला, गोळीबार झाला. गंगुबाईने त्याचं ताट वाढून झाकून ठेवलं होतं, ते तसंच राहिलं. त्यावर बुधाजीने तीन अंकी नाटक लिहिलं. तिसऱ्या अंकात एवढंच होतं: आई ताट वाढून मुलाची वाट बघते आणि पडदा पडतो. तो अंक लोकांनी एकदा बघावा, बस्स, एवढीच त्याची इच्छा होती.

पण जिनोचा नियम! आईच्या कामाला खुद्द गंगुबाई घेतली आणि घोषणा द्यायला चाळीतला दगडू. दगडू म्हणजे खऱ्या मोर्चांचा खरा भोंगा. दुसऱ्या अंकात त्याने "संयुक्त महाराष्ट्र" म्हटलं मात्र, सगळं अंगण "झालाच पाहिजे!" करत उठलं, मोर्चा बनून नाक्याकडे गेलं ते परत आलंच नाही. प्रॉम्प्टर म्हणून मी तिसरा अंक रिकाम्या खुर्च्यांना सांगणार होतो की काय!

पुढच्या वर्षी बुधाजी म्हणाला, "दगडू, जरा हळू बोल."

"हळू? घोषणा आहे की अंगाई?" दगडू भडकला आणि नेहमीसारखाच गरजला. पुन्हा मोर्चा. दर गणपतीत हेच. मी म्हटलं, दगडूला काढ. बुधाजी म्हणाला, "जिनोने काढलं असतं?" आता या माणसापुढे काय डोकं फोडायचं!

साठ साली महाराष्ट्र झाला. त्या गणपतीत दगडूने छाती फुगवून घोषणा दिली, तर मागून कुणीतरी ओरडलं, "झाला रे, पुढे चल!" अंगण हसलं आणि बसून राहिलं. विंगेत बुधाजीने माझा हात असा आवळला की मला पुस्तकाचं पान उलटवेना.

तिसरा अंक सुरू झाला. गंगुबाईने पाटासमोर ताट ठेवलं. खरा भात, खरी सोलकढी, खरा तळलेला बांगडा. तिने ताटाकडे बघत बसायचं आणि पडदा पडायचा. मी पडद्याची दोरी धरली, तेवढ्यात गंगुबाई पुस्तकात नसलेलं बोलली.

"बुधाजी, भायर ये."

तो जागचा हलेना.

"वाढलेला ताट ह्या खेपेक मी फुकट जाऊक देवचंय नाय. रघुच्या जागेर बस नि जेव."

तो गेला. जन्मात कधी तोंडाला रंग न लावलेला आमचा दिग्दर्शक सगळ्या चाळीसमोर पाटावर बसला आणि जेवला. घास गिळत होता, रडत होता. मी दोरी सोडली नाही. कोणी उठलं नाही, टाळीसुद्धा वाजली नाही. त्याचं ताट चाटूनपुसून झाल्यावर गंगुबाईने विचारलं,

"भात वाढू?"