सपाटीवरचा किल्ला

बाबा कोपरापर्यंत चिखलात, आई बाल्कनीच्या दारात ओली चादर घेऊन उभी, आणि मी मोबाईलवर अमेरिकेतल्या एका जुन्या किल्ल्याचं चित्र मोठं करून करून दाखवतेय, की बाबा, तसा नाही हो, असा! आणि हे सगळं मार्च महिन्यात. दिवाळीचा काही म्हणजे काही संबंध नाही.

थांबा, सुरुवातीपासून सांगते.

मी इथे आखातात, सखीरला युनिव्हर्सिटीत शिकते आणि या सेमिस्टरला मी हौसेने अमेरिकन हिस्टरी घेतली. सरांनी विषय वाटून दिले. माझ्या वाट्याला आलं ते असं: अमेरिकेने दुसऱ्या एका देशाकडून भलामोठा मुलूख विकत घेतला. मग तिथे गव्हर्नर पाठवला, फौज पाठवली. पण तिथे आधीपासून माणसं राहत होती ना! त्यांचे म्होरके आणि हे नवे साहेब, यांच्यात काय काय झालं त्यावर दहा मिनिटं बोलायचं, आणि सोबत एक मॉडेल. मी जेवताना सहज म्हटलं, "बाबा, मला एक किल्ला करून हवाय."

बाबांचा घास हातातच राहिला.

बाबा सुतार आहेत. मीना सलमान बंदरावर एका वर्कशॉपमध्ये मशिनरीसाठी लाकडी खोकी बनवतात. माझ्या जन्माच्या आधीपासून इथेच. मी लहान असताना आई आणि मी देवरुखजवळ गावी होतो, तिथे दिवाळीत काका आम्हा पोरांना किल्ला करून द्यायचा आणि बाबांना त्याचा फोटो जायचा. बस, फोटो. नंतर आम्ही इकडे आलो, माझी धाकटी बहीण, छोटी, इथेच जन्मली, आणि फ्लॅटमध्ये कसला किल्ला नि काय.

जेवण झाल्यावर बाबा माझ्या मागे मागे किचनमध्ये आले. एकदम हळू आवाजात म्हणाले, "छोटीला पण घ्यायचं काय गो? तिला मातीत खेळायला आवडेल. नाय येत ती माझ्याजवळ."

मला कसंतरीच झालं. कारण खरं होतं ते. छोटी नऊ वर्षांची. मराठी सगळं कळतं, पण बोलते फक्त इंग्लिश. बाबांचं इंग्लिश म्हणजे वर्कशॉपपुरतं. त्यामुळे दोघांच्या गप्पा अशा: "जेवलीस?" "यस." "शाळा?" "फाइन." खलास! भांडण नाही, राग नाही, काही नाही. नुसतं इतकंच.

शुक्रवारी, सुट्टीच्या दिवशी, बाबांनी सगळं सामान जमवलं. जनाबियाला एका व्हिलात आमच्या गावचे एक काका माळीकाम करतात, त्यांच्याकडून मातीची पोती. वर्कशॉपमधले लाकडाचे तुकडे, विटा, बारदान. बाबांनी छोटीला हाक मारली. ती टॅबलेट घेऊन सोफ्यावर. "इट स्मेल्स, बाबा." झालं. बाबा एकटेच कामाला लागले.

आणि काय सुंदर केलं होतं हो! विटांवर बारदान टाकून, चिखल लिंपून अख्खा डोंगर उभा केला. वर बुरूज, खाली वळणावळणाची वाट, आणि दरवाजा असा लपवलेला की शत्रूला सापडूच नये. आळीव पण भिजत घातले होते, डोंगरावर हिरवळ उगवायला. मी बाहेरून आले आणि बघतच राहिले.  पण सगळंच चुकलं होतं.

"बाबा, तो किल्ला सपाटीवर होता."

"सपाटीवर?" बाबांनी माझ्याकडे असं बघितलं जसं काही चूक माझीच आहे. "सपाटीवर कोण किल्ला बांधतो गो? येडी का काय ती माणसं?"

"नदीकाठी होता. चारी बाजूंनी लाकडाचे ओंडके उभे पुरलेले. हे बघा चित्र."

बाबांनी ओल्या बोटाने माझा मोबाईल धरला. बराच वेळ बघितलं. "ह्याला किल्ला म्हणतात? हा तर गोठा आहे!"

आई दारातून म्हणाली, "गोठा बांधा नाहीतर राजवाडा बांधा, मला माझी दोरी मोकळी करून द्या. कपडे काय डोक्यावर वाळत घालू?"

बाबांनी डोंगर मोडला. स्वतःच्या हातांनी. मी म्हटलं राहू दे, मी सरांना काहीतरी सांगते. "नाय नाय, शिक्षणाचं काम आहे, बरोबर पाहिजे." मग एका मोठ्या फळीवर माती सपाट करून ओंडके रोवायला घेतले. छोटी कधी दारात येऊन उभी राहिली कळलंच नाही.

"हू इज इनसाइड?" तिने विचारलं.

बाबांनी इतक्या पटकन उत्तर दिलं! "आत आपले. बाहेर शत्रू."

"बाबा," मी म्हटलं, "आत गव्हर्नरची फौज असते. नवीन आलेली. बाहेर ती माणसं, ज्यांची जमीन आहे."

बाबांचा हात थांबला. "मग आपले कुठे?"

 आपले कुठे म्हणजे काय, आपले तिथे नव्हतेच. पण किल्ला म्हटलं की आपले आतच असतात ना, आम्ही लहानपणापासून तसाच केलाय!

छोटीने चप्पल काढली. सरळ चिखलात आली आणि ओंडक्यांच्या बाहेर बोट रोवलं. "आय ॲम हिअर. आय ॲम द चीफ. बाबा, यू आर द गव्हर्नर."

बाबांना तेवढं इंग्लिश बरोबर कळलं. लगेच मिशीवर हात फिरवला, चिखलासकट. "ए चीफ! हा मुलूख मी विकत घेतलाय!"

"फ्रॉम हूम?"

"त्या... दुसऱ्या साहेबाकडून."

"बट ही डझन्ट लिव्ह हिअर!"

"ते मला नाय माहीत. यल्ला, चला, सामान उचला. इथे आमचा गोठा येणार."

"नो!"

"नो काय? चला, चला!" आणि बाबांनी एक ओंडका उचलून तिच्या बोटाच्या अगदी जवळ ठेवला.

"नाय जाणार!" छोटी ओरडली. "हे माझं घर आहे! तू जा!"

मराठीत! अख्खं वाक्य! तेही बाबांच्या 'नाय'सकट!

आतून आईचा आवाज, "बाबांना तू काय गं?"

"बोलू दे," बाबा म्हणाले. "चीफ आहे ती." आणि तोंड वळवून ओंडके शोधायला लागले. ओंडके समोरच होते.

पुढचे काही दिवस बाबा कामावरून आले की हे दोघं बाल्कनीत. ओंडक्यांच्या बाहेर वस्ती झाली, होड्या झाल्या. बाबांनी लाकडाची माणसं कोरली, छोटीने रंगवली. तिच्या चीफला लाल शाल. भांडणं तर इतकी, की शेजारच्या मल्याळी आंटी विचारून गेल्या.

मग एका संध्याकाळी छोटीने मला विचारलं, "ताई, हू वन?"

बाबा पण बघायला लागले. खोटं कसं सांगणार? मी सांगितलं. काही म्होरक्यांनी सह्या केल्या, काही लढले, त्यावरून त्यांच्यातच फूट पडली. गव्हर्नरने शब्द दिले होते, ते पुढे कोणी पाळले नाहीत. शेवटी बाहेरच्यांना जावं लागलं. अजून लांब.

छोटीने चीफला उचललं. "ही इज नॉट गोइंग." आत गेली आणि बेडरूमचं दार धाडकन लावलं.

बाबांचा चेहरा एकदम उतरला. "झालं," ते म्हणाले. "गेली परत." मला इतकं वाईट वाटलं ना. म्हटलं, काय गरज होती मला सगळा इतिहास सांगायची!

बाबांनी हात धुतले. बेडरूमच्या दाराशी गेले, मूठ उचलली, पण वाजवलं नाही. मग म्हणाले, "चीफ, गव्हर्नर आलाय. आत येऊ का?"

"नो."

"बरं. मग बाहेर बसतो." आणि खरंच बसले, खाली फरशीवर, दाराला पाठ टेकून. आई ताटं वाढायला आली, तिने बघितलं आणि गुपचूप परत गेली.

खूप वेळाने आतून आवाज आला. "फौज आहे?"

"मफी, नाय. एकटाच आहे."

"बंदूक?"

"मफी."

दार थोडंसं उघडलं. बाबा उठायच्या भानगडीत पडले नाहीत, बसल्या बसल्याच आत सरकले.

प्रेझेंटेशनला चीफ आला नाही. मी वस्ती ठेवली, होड्या ठेवल्या, आणि त्याच्या जागी मातीत नुसता एक खळगा. सरांनी विचारलं, इथला म्होरक्या कुठे गेला? मी म्हटलं, तो यायला तयार नाही. सर हसले, पण पुढे त्या खळग्याबद्दलच खूप वेळ बोलत राहिले.

बाहेर येऊन मी पहिला फोन बाबांना लावला. मागे करवतीचा आवाज. मार्क्सबिर्क्स काही विचारलं नाही. "अगो, छोटीने सकाळी काय विचारलं माहितीये? मराठीत! तुमची शिफ्ट कधी संपते म्हणून."

"मग तुम्ही काय सांगितलंत?"

"चार म्हटलं," बाबा म्हणाले. "पण साहेबाला विचारून ठेवलंय, आज जरा लवकर सोड म्हणून."