नटांसाठी म्हणून केलेलं चित्रण

बहारीनमध्ये, मुहर्रकला आमच्या कामगारांच्या खोलीवर एक स्पॅनिश दिग्दर्शक आला. गोष्टींचे सिनेमे आणि माहितीपट, दोन्ही करणारा. आमच्या घरातला पहिला पदवीधर मी, म्हणून त्याच्या इंग्रजीचा मीच दुभाषा झालो.

"हा गोष्टीचा सिनेमा. तुमच्या जागी नट असतील, हे चित्रण फक्त त्यांना दाखवायला," तो म्हणाला. मी तसंच सांगितलं.

त्या भरवशावर आमच्या खोलीतले रत्नागिरीचे चाचा बोलले, "घरी सुपरवायझर म्हणून सांगतो. इथं संडास धुतो."

वर्षभराने कॅसेट आली. माहितीपट निघाला, आणि त्यात चाचांचाच चेहरा. त्यांच्या जावयाने तो गावातही दाखवला.

"त्या गोऱ्याला मी कुठं ओळखत होतो? तू सांगितलंस म्हणून बोललो, बाबू," चाचा म्हणाले.

तोवर मी वाचून दाखवायचो ती घरची पत्रं पुढे ते दुसऱ्याकडून वाचून घेऊ लागले.