मेंढराला तांबं

आमच्या सणसवाडीच्या कंपनीत सध्या तांब्याच्या बाटल्यांची साथ आलीय. दिवाळीला प्रत्येकाला एकेक मिळाली आणि तेव्हापासून साहेब लोक ती मीटिंगमध्ये समोर ठेवून बसतात, आत गंगाजल असल्यासारखी. परवा आमचे मॅनेजर सांगत होते, कॉपरनं बॉडी डिटॉक्स होते, जितकं पोटात जाईल तितकं चांगलं. हा गृहस्थ केमिकल इंजिनिअर आहे. मी लॅबमध्ये बॉयलरचं पाणी तपासणारा साधा बी.एस्सी.; मान डोलावून गप्प बसलो. अशा दीडशहाण्यांचा मला मनापासून तिटकारा आहे. पण तोंड उघडायची माझी लायकी नाही, कारण तीन वर्षांपूर्वी ह्याच तांब्यानं मी माझ्या बापाची नऊ मेंढरं मारली.

आमचं गाव शिरूर तालुक्यात, घोड नदीपासून जरा आत. आजोबांपर्यंतच्या पिढ्या मेंढरांमागं फिरल्या. आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, जमीन घेतली, कांदा-ज्वारी करायला लागले, पण तीस मेंढरं मात्र सोडली नाहीत. विकून टाका म्हणून घरातले सगळे सांगून थकले. त्यात सगळ्यात मोठा आवाज माझा. मला लाज वाटायची. कंपनीत कुणी विचारलं तर ‘वडील शेती करतात’ एवढ्यावर मी विषय संपवायचो. आबांचं उत्तर ठरलेलं असायचं, ‘‘मेंढरं गेली की मी बी गेलो समज.’’

त्या वर्षी मेंढरं जरा रोडावली होती. मी लांबूनच बघून निकाल दिला, खनिजं कमी पडताहेत. दौंडच्या दुकानातून गाईंच्या मिनरल मिक्श्चरची पोती आणली. पोत्यावर धष्टपुष्ट गाईचं चित्र आणि खाली यादी : जस्त, मँगनीज, कोबाल्ट, आयोडीन, तांबं. मग अंगणात बाजेवर बसून मी आबांना अख्खा तासभर व्याख्यान दिलं. तांबं हा माणसाच्या हाती लागलेल्या पहिल्यावहिल्या धातूंपैकी एक, इतका जुना की कुणी शोधला त्याचा पत्ता नाही. त्याच्यातून वीज वाहते, त्याची भांडी होतात, आणि ते पोटात गेलं नाही तर रक्त नीट बनत नाही, काळ्या मेंढराच्या लोकरीचा रंगसुद्धा उडतो. ह्यातलं एकही वाक्य खोटं नव्हतं. अर्धवट शहाण्याची हीच तर गंमत असते.

आबांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, ‘‘गायीचं हाय न्हवं ते? मेंढरू म्हंजी गाय न्हवं.’’

मी हसलो. ‘‘आबा, मूलद्रव्याला गाय-मेंढरू कळत नाही.’’

हे वाक्य मला इतकं आवडलं की दुसऱ्या दिवशी मी ते कँटीनमध्येही ऐकवलं. लोक हसले. शिकलेल्या पोराचा शब्द कसा मोडायचा, म्हणून आबा रोज संध्याकाळी मेंढरांपुढं मूठमूठ टाकत राहिले. तीन-साडेतीन महिने मेंढरं छान दिसली. मी दर रविवारी जाऊन ती माझ्याच कर्तबगारीसारखी न्याहाळायचो.

कांदा निघाल्यावर आबा दरवर्षी मेंढरं घेऊन दौंडच्या अंगाला उतरायचे. तिकडचे बागायतदार खतासाठी रिकाम्या रानात मेंढरं बसवून घेतात. त्या वर्षी चालून चालून केडगावच्या पुढं पोचले आणि तिसऱ्या दिवशी त्यांचा फोन आला. ‘‘मेंढरं लाल मुततायत. डोळं पिवळं पडल्यात. दोन मेली. तू ये.’’ आबांनी मला ‘ये’ म्हटल्याचं ह्याआधी मला आठवत नाही.

मी पोचलो तोवर चार मेली होती. जनावरांचे डॉक्टर आले होते, त्यांनी एक फाडून बघितलं. मूत्रपिंड काळंनिळं झालेलं. ते लगेच म्हणाले, ‘‘हे तांब्याचं विष आहे. कुठून गेलं पोटात?’’

मी म्हणालो, ‘‘इकडच्या पाण्यातून असेल.’’

खरंच असं म्हणालो मी. रोज पाणी तपासून पोट भरणारा माणूस. आबा उठले, बुडाखाली अंथरलेलं रिकामं पोतं काढलं आणि गाईचं चित्र वर करून डॉक्टरांच्या हातात दिलं.

डॉक्टरांनी शांतपणे समजावलं. गाईचं यकृत जादा तांबं बरंचसं बाहेर टाकतं. मेंढराला ते जमत नाही, ते साठवत बसतं. महिनोन्‌महिने वरून काही दिसत नाही, आणि एक दिवस लांबची चाल झाली, जीव दमला, की ते सगळं रक्तात उतरतं. तांब्याला धरून बाहेर काढायला मॉलिब्डेनम लागतं. ‘‘अमोनियम मॉलिब्डेट पाहिजे. दौंडात मिळणार नाही. पुण्याहून येईस्तोवर किती राहतील, सांगता येत नाही.’’

मॉलिब्डेनम. जुन्या लोकांनी त्याचं खनिज शिसं समजून वापरलं. नावसुद्धा शिशावरूनच पडलं. मी त्याला कधी काहीच समजलो नव्हतो. अमोनियम मॉलिब्डेटची बाटली बारा वर्षं माझ्या टेबलावर होती. बॉयलरच्या पाण्यातलं फॉस्फेट बघायला रोज तिच्यातलं वापरायचो. पाणी पिवळं झालं की आकडा लिहायचा आणि घरी जायचं.

मोटरसायकल काढून न्हावऱ्यामार्गे कंपनी गाठली. मॅनेजरांना गेटपास पाहिजे होता, गेटपासवर कारण पाहिजे होतं. मी ‘मेंढरांसाठी’ लिहिलं. ते हसले. ‘‘कुणाची मेंढरं?’’

‘‘गावातल्या एकाची,’’ मी म्हणालो.

डॉक्टरांनी सांगितल्याप्रमाणे लॅबच्या काट्यावर पुड्या बांधून आणल्या. आबांनी एकेक मेंढरू गुडघ्यात धरायचं, जबडा उघडायचा, मी पाण्यात कालवलेलं औषध ओतायचं. मला धड ओततासुद्धा येत नव्हतं, निम्मं माझ्या शर्टावर. त्या दिवशी आणखी तीन गेली, दुसऱ्या दिवशी दोन. मग थांबलं. एकवीस उरली.

चौथ्या दिवशी सकाळी आबांनी विचारलं, ‘‘हे औशिद तुझ्याकडं कवापासनं हुतं?’’

‘‘बारा वर्षं.’’

‘‘आन् मी पन्नास वर्सं हितंच हाय,’’ आबा म्हणाले. ‘‘मेंढराला काय चालतं, काय न्हाई, एक डाव इचारलं असतंस.’’

आवाजात राग नव्हता. तो असता तर मला बरं वाटलं असतं. त्यांनी समोरची मेंढी ओढली, अंगठ्यानं तिच्या डोळ्याची खालची पापणी उलटी केली आणि म्हणाले, ‘‘बघ. पिवळेपना गेलाय का अजून हाय?’’

मी वाकून बघितलं. रंग बघून आकडा लिहिण्यात माझी उभी नोकरी गेलीय. उजेडाकडं तोंड करून बघितलं, परत बघितलं. अंदाजानं काहीतरी ठोकून द्यावं असं जिभेवर आलंसुद्धा.

‘‘मला कळत नाही, आबा,’’ मी म्हणालो.

‘‘मंग बस हितं,’’ ते म्हणाले, आणि दुसरी मेंढी ओढली.