जपानी कॅसेट

धाकट्या भावाचा जुना व्हिडिओ गेम जामखेडहून दुरुस्त होऊन आला, पण मी मागवलेली जपानी कॅसेट त्यात बसेना. परदेशी कॅसेट अडवायला खाचेत प्लास्टिकचे दोन दात असतात. भाऊ रानात गेलेला पाहून मी ते पकडीने तोडले आणि एक अक्षर कळत नसताना दुपारभर खेळलो.

तुटलेले दात दिसताच भावाचा संशय दुरुस्तीवाल्यावर गेला. "लई गोड बोलत हुता, तवाच वळखलं. आतलं अजून काय काय काढलं आसंल!" तो माणूस बाजारात दिसला की भाऊ तोंड फिरवायचा.

काल भाऊ त्याच्याशी भांडायलाच निघाला. त्याने गाडीला किक मारली तेव्हा मी म्हणालो, "थांब, दात मी तोडलेत."

त्याने गाडी बंद केली नाही. "दादा, बस मागं. त्याला तूच सांग."